मेकाँग, मार्गे थेऊर फाटा

व्हिएतनामहून परतलेला मराठी माणूस लांबूनही ओळखू येतो. कुठलंही पाणी दिसलं, अगदी सोसायटीच्या टाकीतून गळणारंसुद्धा, की तो सुस्कारा टाकतो आणि म्हणतो, "मेकाँग बघायला हवी होती तुम्ही." पूर्वी हा मान सिंगापूरचा होता. रस्त्यात केळ्याचं साल दिसलं की सिंगापूरहून आलेला माणूस तिथेच थांबून बोलायला लागायचा, आणि आपल्याला पुढे सटकता यायचं. मेकाँगवाल्याच्या तावडीतून तशी सुटका नाही. त्याच्याकडे व्हिडिओ असतात.

व्हिएतनामचा हा ओढा का वाढला ते समजण्यासारखं आहे. मुंबईहून थेट विमानं सुरू झाली आणि तिथल्या चलनाने तर कमालच केली. एका रुपयाला तीनशेच्या आसपास डोंग मिळतात. म्हणजे साडेतीन हजार रुपये बदलून घेतले की आयुष्यभर हप्ते फेडलेला माणूस विमानतळावरच दहा लाखांचा धनी होतो. कॉफीचे तीस हजार मोजून वर "ठेवा सुट्टे" म्हणण्याचं सुख त्याला दुसरीकडे कोण देणार?

माझा मेव्हणा कोथरूडला राहतो. तो सहकुटुंब मेकाँगच्या त्रिभुज प्रदेशात जाऊन आला, 'सायकल आणि होडीतून अस्सल ग्रामीण जीवन' अशा नावाच्या सहलीने. परतल्यावर तो लोणी काळभोरला आमच्याकडे आला, टीव्हीला फोन जोडला आणि पिठलं-भाकरी खाता खाता आम्हाला ग्रामीण जीवन दाखवलं. शंकूसारख्या टोप्या घालून एका अरुंद होडीत चौघे एकामागे एक बसलेले. सायकलवरून कालव्याकाठच्या पायवाटेने जाताना. बेन त्रे नावाच्या भागात नारळाची वडी खाताना. दोन झाडांना बांधलेल्या झोळीत पडून काहीच न करताना. हे शेवटचं त्याला फार आवडलेलं दिसलं, कारण त्याचे फोटो सर्वांत जास्त होते.

"दाजी," तो म्हणाला, "तुम्ही आयुष्यात एकदा तरी नदीकाठचं खेडं बघायला पाहिजे."

मी ज्या खिडकीपाशी बसलो होतो तिथून मुळा-मुठा फार लांब नाही. वारा तिकडून असला तर खिडकी लावूनच घ्यावी लागते. पण पाहुण्याला, त्यातून बायकोच्या भावाला, असं काही बोलायचं नसतं. शेजारचे अण्णा मात्र तिथे बसले होते आणि ते कोणाचेच दाजी नव्हते. ते म्हणाले, "पाणी मातकट होतं का?" मेव्हणा म्हणाला, मातकटच, पण सुंदर. "कालवे?" होते. "म्हशी?" होत्या. "हे पाण्यावर हिरवं काय तरंगतंय? जलपर्णीच ना?" मेव्हणा म्हणाला, हो, तिथे ती वाळवून तिच्या टोपल्या विणतात, खुर्च्याही करतात, परदेशी पाठवतात. अण्णांनी माझ्याकडे बघितलं. आमच्याकडे त्याच जलपर्णीच्या दरवर्षी निविदा निघतात. "म्हणजे सगळं आपल्यासारखंच आहे," अण्णा म्हणाले, "फक्त झोळी नाही."

तिथून आमच्याच नदीकाठी मेकाँगसारखी सहल काढायचं हे प्रकरण सुरू झालं.

लोणी म्हटलं की आधी कुठलं लोणी ते सांगावं लागतं. नगर रस्त्याला लोणी कंद, सोलापूर रस्त्याला लोणी काळभोर. कुरिअरवाल्यांच्या आयुष्यातले किती तास या दोहोंच्या मध्ये गेले असतील ते त्यांनाच माहीत. बाहेरच्या जगाला आमचं गाव कळतं ते तेलाच्या डेपोंमुळे, रांगेतल्या टँकरांमुळे, किंवा तुकाराम महाराजांची पालखी पुण्यातला मुक्काम हलवून यवतच्या आधी आमच्याकडे विसावते म्हणून. नदीमुळे कोणी आम्हाला ओळखत नाही. वास्तविक अख्ख्या देशाने आमची नदी एकदा पडद्यावर बघितलेली आहे. राज कपूर यांची राजबाग इथलीच, मुळा-मुठेच्या काठावर. १९७८ सालच्या 'सत्यम शिवम सुंदरम'चं बरंचसं चित्रीकरण तिथे झालं. पण त्या चित्रपटात झीनत अमान होती, त्यामुळे नदीकडे लक्ष गेल्याचं कोणी सांगत नाही. आता त्या जागेवर विद्यापीठ उभं आहे आणि १६० फूट व्यासाचा विश्वशांतीचा घुमट आहे.

कालव्यांची तर आमच्याकडे रेलचेल आहे. खडकवासल्याचं धरण १८७९ साली पुरं झालं. त्याचा जुना उजवा कालवा हडपसर-मांजरीवरून आमच्या शिवारातून थेऊरकडे जातो. नवा, मोठा कालवा वेगळा. वयाने पणजोबा असलेल्या या जुन्या कालव्याला सगळे बेबी कालवा म्हणतात, आणि त्यात आता मुंढव्याहून पुण्याचं प्रक्रिया केलेलं सांडपाणी सोडतात. त्यावर ऊस उभा राहतो. पुणेकर सकाळी जे पाणी सोडतात त्याचाच रस ते मेमध्ये बर्फ घालून पितात, असं अण्णा म्हणतात. शास्त्रीयदृष्ट्या यात बरेच टप्पे गाळलेले आहेत, पण रसवंतीपाशी उभं असताना ते टप्पे कोणाला आठवत नाहीत.

तेव्हा नदी होती, कालवे होते. सायकलीही जमल्या. माझ्या पुतण्याने टाळेबंदीच्या काळात घेतलेली गिअरची सायकल पोर्चमध्ये कपडे वाळत घालायच्या कामी येत होती. ती मी घेतली, हेल्मेटसकट. अण्णांनी माळ्यावरून त्यांची जुनी काळी चोवीस इंची काढली. ब्रेक रॉडचे, कॅरिअर असं की त्यावर ज्वारीचं पोतं बसावं. "१९५४ साली दिएन बिएन फूला फ्रेंचांचा पराभव केला तो असल्या सायकलींनी," अण्णा म्हणाले. हे खरं आहे. व्हिएतनामी लोकांनी सायकलींना बांबू बांधून, एकेकीवर दोनशे किलोच्या वर धान्य आणि दारूगोळा लादून, त्या डोंगरातून हाताने ढकलत नेल्या. अण्णांना ही माहिती मेव्हण्याच्या व्हिडिओतून मिळाली होती, पण ते ती अशी सांगत जणू ढकलणाऱ्यांत तेही होते.

प्रौढ माणसाने खेड्यातल्या रस्त्यावर सायकल चालवणं ही आता सामाजिकदृष्ट्या अवघड गोष्ट झाली आहे. एके काळी सायकलींचं शहर म्हणून पुण्याचं नाव होतं आणि आमच्याकडून दूध त्याच सायकलींवर शहरात जायचं. आता दूधवाल्यापासून वायरमनपर्यंत सगळे मोटारसायकलवर. सायकलवर उरले दोन वर्ग. एक, ज्याची गाडी बंद पडली आहे किंवा बँकेने ओढून नेली आहे. दुसरा, ज्याच्या सायकलची किंमत गाडीएवढी आहे. हा दुसरा वर्ग रविवारी पहाटे मगरपट्टा-अमानोराकडून अंगाला घट्ट चिकटलेले रंगीत कपडे घालून येतो, सोलापूर रस्त्याने उरुळी कांचनपर्यंत जातो, इडली खातो आणि ऊन तापायच्या आत परततो. आमच्याकडची कुत्रीसुद्धा या दोन वर्गांना वेगवेगळं भुंकतात.

थेऊर फाट्यावर आम्ही चहाला थांबलो तेव्हा याचा प्रत्यय आला. मी हेल्मेटवाला, म्हणून चहावाला धावत आला. "सर, बिनसाखर का? लेमन टी पण आहे." अण्णा माझ्यामागे काळी सायकल स्टँडवर लावत होते. त्यांना तो म्हणाला, "ओ काका, जरा आडबाजूला घ्या ती, गिऱ्हाइकांच्या गाड्या लागतात." चहा झाल्यावर अण्णांनी काही न बोलता माझं हेल्मेट उचललं, स्वतःच्या डोक्यावर चढवलं आणि गिअरची सायकल धरली. परतताना त्याच टपरीवर पुन्हा थांबलो. या खेपेला सर अण्णा होते. मला त्याने विचारलं, "तुम्ही यांच्याकडेच कामाला का?"

पण हे सगळं पुढचं. आधी कवडीपाट.

आमच्या गावाच्या पुण्याच्या अंगाला कवडीपाट आहे. सोलापूर रस्त्याने जाणाऱ्यांना हे नाव टोलनाक्यामुळे पाठ आहे. पक्षी बघणाऱ्यांना ते नदीवरच्या बंधाऱ्यामुळे पाठ आहे. हिवाळ्यात या बंधाऱ्यावर जो मेळा भरतो तो एकदा बघावा. लडाख-तिबेटाकडून हिमालय ओलांडून चक्रवाक येतात. संस्कृत कवींनी ज्यांना रात्रीच्या विरहात शेकडो वर्षं रडवलं तेच हे नारिंगी बदक. शिवाय शेकाट्या, धोबी, शराटी, चित्रबलाक, नदी सुरय. पाण्याची स्थिती अशी की बंधाऱ्यावरून पडताना त्याला साबणासारखा फेस येतो, आणि बंधाऱ्याला अडून शहराचा सगळा संसार बसलेला असतो: पाण्याच्या बाटल्या, थर्माकोलची मखरं, एक चप्पल (कधीच जोडी नाही), निर्माल्याची गाठोडी. अधूनमधून स्वयंसेवक येतात, पोतीच्या पोती कचरा उचलतात. पुढच्या पाण्याला नवा येतो.

आणि या सगळ्याच्या समोर, झाडापानांच्या नक्षीचे कपडे घालून, हातभर लांब लेन्स घेऊन, पोटावर आडवे पडलेले छायाचित्रकार. पक्ष्यांना दिसू नये म्हणून हा वेश. पक्षी बघावेत तर त्यांच्यापासून पंधरा फुटांवर दुधाच्या पिशवीवर उभे. आमच्याशेजारचे एक गृहस्थ अर्धा तास एका चक्रवाकावर नेम धरून होते. मी विचारलं, काय अडलंय? ते हळूच म्हणाले, "तो त्या पिवळ्या कॅरीबॅगच्या डावीकडे सरकायची वाट बघतोय." त्या दिवशी मला कळलं की मेकाँगचे फोटो इतके स्वच्छ का असतात. तिथेही कोणीतरी पोटावर पडून वाट बघितलेली असणार.

तिथून कळलेली दुसरी गोष्ट अशी की चक्रवाकाला कोणी "कशासाठी आलात?" असं विचारत नाही. हा मान आमच्या पूर्व हवेलीत फक्त पक्ष्यांना आहे.

थेऊरला नदी गावाला तीन बाजूंनी वळसा घालते. अष्टविनायकांपैकी चिंतामणी तो इथला. थोरल्या माधवराव पेशव्यांची या देवावर श्रद्धा, आणि १८ नोव्हेंबर १७७२ रोजी अवघ्या सत्ताविसाव्या वर्षी ते गेले तेही इथेच. रमाबाई इथेच सती गेल्या, त्यांचं स्मारक आहे. त्यांच्यावरची 'स्वामी' कादंबरी १९६२ साली आली तेव्हापासून डोळे भरून येऊन थेऊरला येणाऱ्यांची एक पिढीच झाली. अण्णांच्या थोरल्या वहिनी त्यांतल्या. आता बहुतेक गाड्या अष्टविनायकाच्या दीड-दोन दिवसांच्या वेळापत्रकावर धावत असतात. नारळ, दर्शन, प्रसाद, एखादी मिसळ, आणि पुढचा गणपती. देवळामागे नदी आहे हे त्यांतल्या पुष्कळांना कळतही नाही. तीन बाजूंनी येऊन सांगणारी नदी आणखी काय करणार?

थेऊरच्या पुढे रस्ता आत वळतो आणि खरी नदीकाठची वस्ती सुरू होते. उसाच्या दोन भिंतींमधून जाणारी वाट, ट्रॅक्टरच्या चाकोऱ्या, पाटाच्या कडेला गुडघाभर आळू, बांधावर बसलेल्या म्हशी आणि म्हशींवर बसलेले बगळे. सायकलला ही जागा उत्तम. वाऱ्याचा वास सोडला तर मेव्हण्याच्या व्हिडिओत आणि यात तसूभर फरक नाही. फरक आहे तो पाट्यांमध्ये.

मेकाँगवर कान थो शहराजवळ काय रांगचा तरंगता बाजार भरतो. तिथे प्रत्येक होडीवर एक उंच बांबू असतो आणि होडीत जे विकायला आहे ते त्या बांबूला टांगतात. अननस टांगला की अननस, कोबी टांगला की कोबी. नारळाची झावळी टांगली की होडीच विकायची आहे. ओरडायला नको, लिहायला नको. आमच्याकडे उलटा कारभार. जे विकायचं नाही त्याची पाटी. दर चार-पाच शेतांनंतर पत्र्यावर लाल अक्षरांत: 'ही जमीन विकणे नाही. कोणीही व्यवहार करू नये. केल्यास आम्ही जबाबदार नाही.' खाली दोन मोबाइल नंबर. विकणे नसेल तर नंबर कशाला, हे मी अण्णांना विचारलं. अण्णा म्हणाले, "आहे त्या किमतीला विकणे नाही."

या जमिनीनेच आमच्या सहलीचा घोळ केला. मेकाँगच्या काठाने सायकलवरून जाणारा परका माणूस दिसला की तिथली म्हातारी हात हलवते, पोरं 'हॅलो' म्हणतात, असं मेव्हणा सांगत होता. त्या माणसाकडे सहलीचं तिकीट असतं. तो कामाशिवाय फिरतोय हे सगळ्यांना ठाऊक आणि मान्य असतं. आमच्याकडे तुम्ही काम नसताना नदीकाठी फिरताय यावर कोणाचा विश्वास म्हणून बसत नाही. एका गावात पारावर टेकलो. तिघेजण आधीच बसलेले.

"कोण पाव्हणं?"

"लोणीचे."

"कोणाकडं आलात?"

"कोणाकडं नाही. सहज. नदी बघायला."

तिघांनी एकमेकांकडे बघितलं. मग नदीकडे बघितलं. बहुधा बऱ्याच दिवसांनी.

"नदीत काय बघायचंय?"

"असंच. फिरायला."

टोपीवाले पुढे सरकले. "जिमीन बघायची आसंल तर सरळ सांगा की. आमच्या चुलत्याचं सव्वा एकर हाय, पार नदीला लागून. फक्त पुराच्या ब्ल्यू लाइनीत जातंय. ते बघून घेऊ आपण."

दुसरे म्हणाले, "जिमिनीचे न्हाईत हे. रिंगरोडचे आसणार. मोजणीला."

"रिंगरोडचे बोलेरोत येत्यात," तिसरे म्हणाले. "सायकलीवर कोण मोजणी करतंय?"

"म्हणूनच तर. कुणाला कळू ने म्हणून."

विषय बदलावा म्हणून मी विचारलं, "इथे होडी मिळेल का कुठे?"

पारावरचं वातावरण बदललं. टोपीवाले उठून उभे राहिले. याचं कारण बाहेरच्याला कळायचं नाही. अण्णांच्या लहानपणी इथे नाव चालायची. नावाडी अलीकडच्यांना पलीकडे सोडायचा आणि सुगीला घरोघरी पायलीभर ज्वारी घेऊन जायचा. पूल झाले, नाव गेली. त्यानंतर शिरूर-दौंडच्या अंगाला नदीत बोट दिसली तर ती वाळूचीच. पाण्याखालची वाळू ओढणारी, इंजिन लावलेली. मग एके दिवशी महसूल खात्याचं पथक येतं, बोट पकडतं आणि जिलेटिन लावून जागच्या जागी उडवून देतं. दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो: मागे धूर, पुढे अधिकारी. तेव्हा या भागात दोन अनोळखी माणसं सायकलवरून येऊन 'होडी कुठे मिळेल' विचारू लागली तर ती कोणाची माणसं, हे सांगायला ज्योतिषी लागत नाही.

"आमच्या गावात होडी न्हाई," टोपीवाले म्हणाले. "पयल्यापासून न्हाई." आणखी थोडा वेळ थांबलो असतो तर आमच्या गावात नदीच नाही असंही त्यांनी सांगितलं असतं, पण ती त्यांच्या मागेच वाहत होती.

त्या गावाच्या खाली, पाण्याजवळ, एकजण ट्रकच्या चाकाची फुगवलेली ट्यूब घेऊन जाळं आवरत बसला होता. ट्यूबवर फळी बांधलेली, ही त्याची नौका. टोपलीत चिलापी. या नदीतले जुने मासे कोणते होते हे अण्णांनी त्याला विचारलं, तर त्याने सात-आठ नावं भराभर सांगितली आणि शेवटी, "आता समदी चिलापीच," म्हणाला. आमची अडचण ऐकून त्याला दया आली. "बसा की ट्यूबवर. त्या वळणापतूर सोडतो. पवायला येतंय का?"

"येतं."

"मग काय भ्या न्हाई. फक्त पाणी गिळू नका."

मेकाँगच्या सहलीत सुरक्षेच्या सूचना पाच मिनिटं चालतात. ही एका वाक्यात संपली, आणि इतकी पटली की आम्ही काठावरूनच त्याचे आभार मानले.

होडी शेवटी मिळाली ती सुमारे पंच्याऐंशी किलोमीटर खाली, भिगवणला. सायकलने तिथवर जाण्याचा विचार अण्णांनी एका रात्रीपुरता केला. सकाळी ओळखीतला एक छोटा हत्ती टेम्पो सोरतापवाडीच्या रोपवाटिकेतून शोभेची झाडं घेऊन इंदापूरला निघाला होता. आम्ही सायकली फायकसच्या कुंड्यांमध्ये आडव्या टाकल्या. वाटेत अण्णांनी मला नदीचा पुढचा प्रवास ऐकवला. मुळा-मुठा रांजणगाव सांडसजवळ भीमेला मिळते. त्याआधी तुळापूरला इंद्रायणी भीमेत आलेली असते. म्हणजे देहू-आळंदीचं पाणी आणि पुण्याचं पाणी दौंडच्या अलीकडेच गळाभेट घेतं, उजनीत विसावतं आणि सुटलं तर पंढरपुरात चंद्रभागा म्हणून उभं राहतं. पालखीला या वाटेला पंधरा-अठरा दिवस लागतात. सांडपाण्याचीही वारी असते, आणि ती वर्षभर चालते. मध्ये सोलापूरकर आपली तहान याच पाण्यावर भागवतात. पुण्याच्या पाहुण्याला सोलापुरात चहा आग्रहाने पाजतात याचा अर्थ अण्णा वेगळाच लावतात.

२०१६ च्या कायद्याने देशात १११ राष्ट्रीय जलमार्ग जाहीर केले, त्यांत भीमेचाही एक टप्पा आहे. अण्णांच्या मते तो वाढवत वाढवत लोणी स्टेशनपर्यंत आणायला हरकत नाही. म्हणजे टँकरांची रांग नदीत लावता येईल आणि सोलापूर रस्ता मोकळा होईल. छोट्या हत्तीच्या चालकाला हे इतकं पटलं की त्याने भाड्यात सवलत दिली.

उजनीचं धरण १९८० च्या सुमारास पुरं झालं. एकूण साठा ११७ टीएमसीच्या घरात. त्यात गावं गेली, शिवारं गेली, जुनी देवळं गेली. पळसदेवचं देऊळ पाणी उतरलं की वर येतं. मागच्या फुगवट्यावर भिगवण, कुंभारगाव, डिकसळ या पट्ट्यात जमिनी गेलेल्या आणि मासेमारी करणाऱ्या घरांतली पोरं आता पक्षी दाखवतात. हिवाळा लागला की रोहित येतात, म्हणजे फ्लेमिंगो, आणि त्यांच्या मागे पुण्या-मुंबईचे लोक. त्यानंतर चिलापीची थाळी. पक्षी बघून मासे खाणं यात कोणाला विसंगती वाटत नाही, कारण बरेच पक्षीही मासेच खात असतात.

आमचा नावाडी विशीतला मुलगा होता. इंग्रजी नावं, मराठी नावं, कुठला पक्षी कुठून येतो, सगळं मुखोद्गत. दुर्बीण गळ्यात, पाय अनवाणी. "तो बघा ग्रे हेरॉन. राखी बगळा. तो कुरव. काका, हात पाण्यात नका घालू." पाणी सपाट, क्षितिजापर्यंत. लांबवर गुलाबी रेघ. होडीत पुढे मी, मागे अण्णा. मेव्हण्याच्या फोटोतल्यासारखंच. टोप्या नव्हत्या, अण्णांनी हेल्मेट काढायला नकार दिला होता.

"कुठनं आला?" नावाड्याने विचारलं.

"लोणी काळभोर."

तो हसला. "मग हे पाणी तुमचंच की."

"आमचं कुठलं?" अण्णा म्हणाले. "पुण्याचं. आम्ही फक्त पुढं पाठवतो."

रोहित जवळ आले. शेकडो. चोच उलटी करून, माना खाली घालून चिखलातलं शेवाळ आणि बारीक जीव गाळून खाणारे. त्यांच्या पंखांचा गुलाबी रंग त्या खाण्यातूनच येतो, असं नावाड्याने सांगितलं. मी फोन काढला. कोणतीही कॅरीबॅग मध्ये येत नव्हती. नावाड्याने इंजिन बंद केलं, वल्हं आडवं ठेवलं आणि अण्णांच्या जवळ सरकून विचारलं,

"काका, लोणीत गुंठा काय चाललाय सध्या?"

एवढा वेळ सैलावून बसलेले अण्णा ताठ झाले. "रोडटच का आत?"

"रोडटच धरा."

"एनए का शेती?"

"एनए झालेला. आमचे दाजी म्हणत होते, तिकडं घेऊन ठेवावा एक."

"कोणाकडून घेताय त्यावर आहे. थांब, तुला दाखवतो." अण्णांनी बोट पाण्यात बुडवलं (हात पाण्यात नका घालू, असं कोणी म्हटलं नाही) आणि होडीच्या फळीवर ओल्या रेघांनी सोलापूर रस्ता काढला. मग रेल्वे, बेबी कालवा, नदी, विद्यापीठाचा घुमट. होडी वाहत वाहत उथळात गेली आणि गाळात रुतली. नावाडी खाली उतरला, गुडघाभर चिखलात उभा राहून ढकलू लागला; ढकलता ढकलता मान वळवून फळीकडे बघत होता. "आणि हा नाला का?"

"नाला नाही, तो रिंगरोड."

"मग त्याच्या पलीकडचं स्वस्त आसंल."

"आज आहे," अण्णा म्हणाले. रोहितांचा अख्खा थवा उठला, होडीवरून गेला, आणि मी अण्णांना वर बघा म्हणून ओरडलो. त्यांनी हेल्मेटवर हात ठेवून क्षणभर वर बघितलं, आणि लगेच नावाड्याकडे वळून विचारलं, "ते राहू दे. तुमच्याकडं पाण्याला लागून काय भाव?"